‘प्रवेश नाही’ म्हणणारा कोण?

(वसंत व्याख्यानमालेतील व्याख्यानाचा काही भाग)



28 नोव्हेंबर 2015, शनिवार. महिलांना बंदी असलेल्या शनिशिंगणापूरच्या चौथऱ्यावर एक तरुणी चढली, शनीच्या शिळेचं दर्शन घेऊन उतरली आणि गर्दीत निघून गेली. देवस्थानाने सुरक्षा कर्मचाऱ्यांना निलंबित केलं, गावाने बंद पाळला, शिळेला दुधाचा अभिषेक झाला. या अभिषेकाला नाव मिळालं, शुद्धीकरण.

हा शब्द महाराष्ट्राने आधीही ऐकला होता. 20 मार्च 1927 ला बाबासाहेब आंबेडकर आणि त्यांचे हजारो सोबती महाडच्या चवदार तळ्याचं पाणी प्यायले. मागाहून सनातन्यांनी तळ्यात पंचगव्य ओतलं, तेही ‘शुद्धीकरण’च. शिंगणापुरात दूध वाहणाऱ्यांच्या मनात महाड नसेलही. पण शुद्धीकरण म्हटलं की आधी विटाळ झाला हे न बोलता ठरतं. त्या मुलीला तोंडावर अपवित्र म्हणायची कुणाला गरजच पडली नाही.

आता त्या वेळचं एक वाक्य घ्या : ‘चौथऱ्यावर महिलांना प्रवेश नाही, तशी परंपरा आहे.’ या वाक्यात कर्ताच नाही. कोणी ठरवलं, कधी, कोणत्या बैठकीत? परंपरेला समन्स पाठवता येत नाही. माझ्या मते या वादाची सगळी ताकद त्या हरवलेल्या कर्त्यात होती. 2000 सालच्या सुमारास अंधश्रद्धा निर्मूलन चळवळीचे डॉ. नरेंद्र दाभोलकर आणि अभिनेते डॉ. श्रीराम लागू यांनी हाच प्रश्न संयमाने विचारला होता. प्रकरण न्यायालयातही गेलं. निकालाची वाट पाहण्यात वर्षं गेली.

2016 च्या प्रजासत्ताकदिनी भूमाता ब्रिगेडच्या तृप्ती देसाई शेकडो महिलांसह शिंगणापूरकडे निघाल्या. पोलिसांनी त्यांना पुणे-नगर रस्त्यावर सुप्याजवळ अडवलं. तेव्हाची भाषा आठवा. ब्रिगेड, रणरागिणी, धडक. हेलिकॉप्टरने चौथऱ्यावर उतरण्याची घोषणा. समोरून ‘स्टंटबाजी’ आणि ‘बाहेरच्या बायका’. हा ‘बाहेरच्या’ शब्द फार घातक ठरला. त्याने गावातल्या बाईसमोर पेच टाकला : तू बाई आहेस की गावची? बऱ्याच जणी गावच्या झाल्या आणि मोर्चा अडवायला उभ्या राहिल्या. त्याच महिन्यात देवस्थानाच्या अध्यक्षपदी प्रथमच एक महिला, अनिता शेटे, निवडून आल्या होत्या. परंपरा पाळण्याचीच भूमिका त्यांनीही घेतली. बाईच्या तोंडून आलेल्या परंपरेला उत्तर देणं आणखी अवघड असतं.

म्हणून त्या आक्रमक भाषेला मी नाकारू का? नाही. तिच्यामुळे गाव कडवं झालं, हे खरं. पण दाभोलकरांच्या शांत शब्दांना जी निकड आणता आली नव्हती, ती तिने आणली.

पुढचं काम वेगळ्या भाषेने केलं. ‘मिळून साऱ्याजणी’ मासिकाच्या विद्या बाळ आणि नीलिमा वर्तक यांनी मुंबई उच्च न्यायालयात जनहित याचिका केली. तिला आधार होता हिंदूंच्या सार्वजनिक पूजास्थानांतील प्रवेशाबाबतच्या 1956 च्या राज्य कायद्याचा. त्या रूक्ष कायद्यात शुद्ध-अशुद्ध असा शब्दखेळ नाही. प्रवेशापासून अडवणाऱ्याला सहा महिन्यांपर्यंत कैद होऊ शकते, असं तो सांगतो. म्हणजे अडवणारा हा माणूस असतो, हे त्याने गृहीत धरलं आहे. हरवलेला कर्ता तिथे सापडला! पुरुषांना जिथे जाता येतं तिथे स्त्रियांना का नाही, असं न्यायालयाने विचारलं आणि 1 एप्रिल 2016 ला कायद्याची अंमलबजावणी करण्यास सरकारला बजावलं.

तरी दुसऱ्याच दिवशी गावकऱ्यांनी देसाईंना अडवलं. मग समानता दाखवायला पुरुषांनाही चौथरा बंद झाला. 8 एप्रिलला, गुढीपाडव्याला, गावचे पुरुष ती बंदी मोडून वर चढले आणि कावडीच्या पाण्याने त्यांनी शनीला अभिषेक केला. आता ‘सर्वांना बंदी’ हे वाक्यही खोटं पडलं. त्याच दिवशी विश्वस्तांनी चौथरा स्त्री-पुरुष सर्वांना खुला केला आणि संध्याकाळी महिलांनी वर जाऊन तेल वाहिलं.

माझी तुम्हाला एक विनंती आहे. आपल्या गावात, सोसायटीत, देवळात ‘प्रवेश नाही’, ‘चालत नाही’ अशी पाटी दिसली, तर ते कोणी ठरवलं ते विचारा. त्या पाटीखाली ठरवणाऱ्याचं नाव आणि ठरावाची तारीख लिहायला लावा.