माशीमारांचं घराणं



 जेवणाची वेळ, राहण्याची सोय आणि उद्याच्या गाडीची वेळ सांगून पक्षिमित्र संमेलनाच्या स्वागताध्यक्षानं खाली बसावं, अशी रीत आहे. ते सगळं तुमच्या पिशवीतल्या कागदावर छापलंय. आंबोलीची गाडी पहाटे पाचला सुटेल. उशीर करणाऱ्यांसाठी एसटी आहेच. त्यामुळे माझा वेळ मी एका पाखरासाठी वापरतो.

हिवाळ्यात आपल्या बागांमध्ये तांबुला येतो. चिमणीहून लहान, शेपटी सारखी वर झटकणारा, झाडीतून टर्रर्र करणारा. हा माशीमारांच्या फायसेड्युला या प्रजातीतला. ब्रिसाँ या पक्षिशास्त्रज्ञानं 1760 साली मांडलेल्या या प्रजातीत आज तीसहून जास्त जाती गणल्या जातात. आपण ज्याला सरसकट तांबुला म्हणायचो, त्याच्याही आता दोन जाती झाल्यात. पूर्व युरोपाकडून येणारा ‘पार्वा’ आणि सैबेरियाच्या तैगातून येणारा ‘अल्बिसिला’. पूर्वी दुसऱ्याला पहिल्याची उपजात मानत. ऐन हिवाळ्यात पार्वाच्या प्रौढ नराचा गळा तांबडाच राहतो, अल्बिसिलाचा नर मात्र तो रंग टाकून देतो आणि वसंतात पुन्हा मिळवतो. मादी आणि कोवळा नर यांच्या बाबतीत हा गळा कामाचा नाही. तिथे शेपटीच्या मुळावरची वरची पिसं पाहावी लागतात: अल्बिसिलाची ती काळीकुळकुळीत, पार्वाची तपकिरीकडे झुकणारी. आवाजातही फरक आहे, अल्बिसिलाची टर्रर्र जास्त वेगवान.

रंगरूप कधी कधी साफ चकवतं. हिमालयात वीण करून हिवाळ्यात सह्याद्रीत उतरणारा तांबड्या शेपटीचा माशीमार बघा. साधा, तपकिरी, त्यामुळे त्याला वर्षानुवर्षं साध्या तपकिरी माशीमारांच्या मस्किकापा प्रजातीत ठेवलं होतं. जनुकांनी सांगितलं, हा फायसेड्युलाचा.

याहून मोठी उलथापालथ कुलाच्या पातळीवर झाली. रुंद चपटी चोच, तिच्या मुळाशी राठ केस आणि हवेत झेप घेऊन माशी टिपण्याची सवय, एवढ्यावर पूर्वी नातं जुळवत. पण एकाच धंद्यातल्या माणसांची हत्यारं सारखी असली म्हणून ती भाऊ ठरत नाहीत. स्वर्गीय नर्तक आणि नाचण माशीमारांच्या कुलातून बाहेर गेले. दयाळ, चिरक, गप्पीदास हे कस्तुरांच्या कुलातले म्हणून ओळखले जायचे, ते माशीमारांत आले. आणि पावसाळ्यात आंबोलीच्या ओढ्यांवर शीळ घालणारा आपला शीळकरी कस्तूर? तोही माशीमारांचाच भाऊबंद. 2010 साली प्रसिद्ध झालेल्या जनुकीय अभ्यासांनी या घराण्याची मांडणी बरीच बदलली.

नावं सारखी बदलतात, अशी तक्रार मी दर संमेलनात ऐकतो. तक्रार अर्धी खरी आहे. जुनी पुस्तकं आणि नव्या याद्या जुळवताना नवख्यांची दमछाक होते, आणि दोन याद्यांमध्येही एकमत नसतं. पण याद्या करणारे हा उद्योग हौस म्हणून करत नाहीत. नवा पुरावा आला की जुनी मांडणी बदलावीच लागते, आणि तो पुरावा केवळ प्रयोगशाळेतून येत नाही. बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या संग्रहातल्या पक्ष्यांच्या जुन्या कातड्यांना मोल आहे ते त्यांच्यावर बांधलेल्या तारीख आणि ठिकाणाच्या चिठ्ठीमुळे. चिठ्ठी नसेल तर ती नुसती पिसं.

म्हणून एक विनंती. उद्या आंबोलीत वहीत नुसतं ‘तांबुला दिसला’ एवढं लिहू नका. गळ्याचा रंग, शेपटीच्या मुळाचा रंग, तारीख, नेमकी जागा लिहा आणि मोबाइलवर आवाज टिपा. खात्री नसेल तर तसंही लिहा, त्यात कमीपणा नाही. या नोंदी संध्याकाळच्या सत्रापूर्वी नोंदणीच्या टेबलावर आणून द्या.