स्वागताध्यक्षांचे भाषण : माहितीपट संमेलन, घाटकोपर

सन्माननीय संमेलनाध्यक्ष, व्यासपीठावरील मान्यवर आणि गावोगावहून आलेले माहितीपटकार व रसिकहो,

समस्त घाटकोपरकरांच्या वतीने मी आपले मनःपूर्वक स्वागत करतो.

हे संमेलन आमच्याकडे भरावे, असा आमचा आग्रह होता. ११ जुलै १९९७ रोजी येथील रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली. संतापून जमलेल्या लोकांवर पोलिसांनी गोळीबार केला. १० माणसे गेली. काही दिवसांतच शाहीर विलास घोगरे यांनी जीवन संपवले. बातम्या ओसरल्या, पण माहितीपटकार आनंद पटवर्धन वस्त्यांमध्ये येत राहिले. शाहिरांची गाणी, मोर्चे, सभा, कोर्टकचेरी असे १४ वर्षे चित्रण करून २०११ साली त्यांनी ‘जय भीम कॉम्रेड’ पूर्ण केला. आमच्या दुःखाची नोंद इतक्या सबुरीने ठेवणाऱ्या माणसाचे ऋण आम्ही मानतो.

घोगरे पटवर्धनांना आधीपासून ठाऊक होते. पटवर्धनांच्याच १९८५च्या ‘हमारा शहर’मध्ये घोगरेंचे गाणे आहे. मुंबईतल्या झोपड्या पाडल्या जातानाचा तो माहितीपट. त्यात एक बाई पटवर्धनांनाच फैलावर घेते. गरिबांची चित्रे काढून नाव तुमचे होणार, आमच्या पदरात काय पडणार, असे विचारते. हा प्रसंग सहज कापता आला असता. पटवर्धनांनी तो ठेवला. दुसऱ्याचे दुःख चित्रित करणाऱ्याने या प्रश्नाचे ओझे वागवलेच पाहिजे, असे मला मनापासून वाटते.

पुढे अयोध्येवरचा ‘राम के नाम’ दूरदर्शनवर यावा म्हणून त्यांना न्यायालयात जावे लागले. पोखरणच्या अणुचाचण्यांनंतरच्या ‘जंग और अमन’ला सेन्सॉर बोर्डाने कट सुचवले. ते त्यांनी मान्य केले नाहीत. २००३ साली मुंबई उच्च न्यायालयाने चित्रपट विनाकट दाखवण्यास मोकळीक दिली. ही लढाई एकट्याची असली, तरी तिचा लाभ इथे बसलेल्या प्रत्येक तरुण माहितीपटकाराला झाला आहे.

आता आपली जबाबदारी. थिएटरे असे चित्रपट लावत नाहीत. ते पोहोचतात चाळीच्या पटांगणात, समाजमंदिरात, कॉलेजच्या हॉलमध्ये, आणि तिथे पडदा बांधायला माणसे लागतात. आपण प्रत्येकाने गावी परतल्यावर वर्षातून एक तरी खेळ लावावा आणि नंतर चर्चेला वेळ ठेवावा. घाटकोपरमध्ये ते काम आमची समिती करील, हा शब्द देतो.

व्यवस्थेत काही उणे राहिले तर सांभाळून घ्यावे. पुनश्च स्वागत. जय भीम, जय महाराष्ट्र!