माणसे मोजली, गाव राहिले

(मंचाच्या वसंत मेळाव्यात केलेले भाषण. वाचायला सोपे जावे म्हणून थोडे आवरून घेतले आहे.)



काही वर्षांपूर्वी आई आमच्याकडे चार महिने राहायला आली होती. एका वादळात घरासमोरचे मोठे झाड रस्त्यावर आडवे झाले. आई म्हणाली, "अगं, नगरसेवकाला फोन कर ना." मी म्हटले, "आई, इथे नगरसेवक नाही." "मग नगराध्यक्ष?" "तोही नाही." आम्ही राहतो सिल्व्हर स्प्रिंगला. वस्ती ८१ हजारांची. भुयारी रेल्वे आहे, ऑफिसांच्या उंच इमारती आहेत, पण नगरपालिका नाही. सगळा कारभार मॉन्टगोमेरी काउंटीचा. शेजारचे टाकोमा पार्क आमच्यापेक्षा कितीतरी लहान, पण त्याला महापौर आहे. आईने थोडा विचार केला आणि म्हणाली, "म्हणजे अमेरिकेत येऊन तू जिल्हा परिषदेत राहतेस म्हण की!"

आई हसण्यावारी बोलली, पण तिने नेमके बोट ठेवले होते. इथे समोर बसलेल्यांपैकी निम्म्या लोकांचे गाव कायद्याच्या दृष्टीने गावच नाही. बेथेस्डा, कोलंबिया, व्हर्जिनियातले रेस्टन, लाँग आयलंडवरचे हिक्सव्हिल, यांपैकी एकही नगरपालिका नाही. आपण सगळे ज्या ओक ट्री रोडवर भाजी आणि मिठाई घ्यायला जातो त्यावरचे आयझेलिन हेदेखील वुडब्रिज टाउनशिपच्या पोटातले नुसते एक नाव आहे. तरीही सेन्ससच्या तक्त्यात आयझेलिनची स्वतंत्र ओळ सापडते, लोकसंख्येसकट. कायद्यात नसलेले गाव सेन्ससमध्ये कसे येते, आणि आले किंवा न आले तर कुणाला काय फरक पडतो, याबद्दल मला आज बोलायचे आहे. माझा दिवस आकड्यांबरोबर जातो, त्यामुळे थोडे आकडे सहन करावे लागतील.

सेन्सस ब्युरोच्या लेखी 'प्लेस' दोन जातींची. एक इन्कॉर्पोरेटेड, म्हणजे राज्याच्या कायद्याने स्थापन झालेले शहर, टाउन, बरो किंवा व्हिलेज. तिला हद्द असते, निवडून आलेले लोक असतात, कर लावायचा अधिकार असतो. दुसरी 'सेन्सस डेझिग्नेटेड प्लेस', थोडक्यात सीडीपी. लोक जिला एका नावाने ओळखतात अशी सलग वस्ती, पण नगरपालिका नसलेली. १९४० च्या गणनेत पाचशेहून जास्त माणसे असलेल्या अशा वस्त्यांची वेगळी यादी झाली. १९५० पासून त्या नेहमीच्या तक्त्यांत आल्या. तेव्हा साधारण हजार लोकसंख्येची अट होती, मोठ्या शहरांच्या परिघात त्याहून कडक. सीडीपी हे नाव १९८० चे. २००० च्या गणनेपासून लोकसंख्येची किमान अट काढून टाकली. त्या वर्षी साडेपाच हजारांहून थोड्या जास्त सीडीपी होत्या, २०१० मध्ये ९,७२१ झाल्या. दहा वर्षांत देशात चार हजार नवी गावे वसली असे कुणी समजू नये. ती होतीच, फक्त यादीत नव्हती.

यांची हद्द कोण आखते? दर दहा वर्षांनी गणनेच्या आधी ब्युरो काउंटीची नियोजन खाती, प्रादेशिक संस्था, मूळनिवासी जमातींची शासने यांना विचारते, की तुमच्याकडे अशी कुठली वस्ती आहे, तिची सीमा रस्ता, ओढा, रेल्वेमार्ग अशा खुणांवरून कुठे धरायची. म्हणजे काउंटीच्या एखाद्या टेबलावर बसलेल्या माणसाला ती वस्ती ठाऊक हवी, आणि तिची दखल घ्यावी असे वाटायला हवे. नाहीतर तिथली माणसे काउंटीच्या एकूण बेरजेत मोजली जातात, पण त्या नावाने कुठलीही ओळ छापली जात नाही.

आपल्याकडची पद्धत याहून वेगळी आहे. भारतात 'सेन्सस टाउन' ठरते मोजमापाने: पाच हजार वस्ती, पुरुष मुख्य कामगारांपैकी निदान ७५ टक्के शेतीबाहेर, आणि दर चौरस किलोमीटरला ४०० माणसे. कुणाला विचारायची गरज नाही. २००१ मध्ये अशी १,३६२ गावे निघाली, २०११ मध्ये ३,८९० च्या वर. महाराष्ट्रातच पावणेतीनशेच्या आसपास. जनगणनेत ती शहरी आणि कारभारात ग्रामपंचायत! गटारे आणि कचरा शहराचा, पैसे खेड्याचे. २०२१ ची गणना पुढे ढकलत ढकलत अखेर २०२७ ची म्हणून जाहीर झाली, म्हणजे दीड दशक आपण २०११ च्याच चित्रावर काम चालवले. असो, तो वेगळ्या भाषणाचा विषय आहे.

नगरपालिका नसणे म्हणजे दैन्यच, असे मात्र नाही. लास व्हेगासची स्ट्रिप, म्हणजे ते झगझगीत कसिनो, बहुतांशी लास व्हेगास शहरात नाहीतच. ते पॅराडाइज नावाच्या वस्तीत आहेत. 'लास व्हेगासमध्ये स्वागत' म्हणणारी ती प्रसिद्ध पाटीसुद्धा पॅराडाइजमध्ये. १९५० मध्ये शहराला हद्दवाढ करून स्ट्रिप आत घ्यायची होती. कसिनोवाल्यांनी काउंटीकडून वेगळे 'टाउन' करून घेतले आणि शहराचे कर चुकवले. आज तिथे १ लाख ९० हजार लोक राहतात. आमच्या बेथेस्डाचेही तसेच. काउंटी श्रीमंत, शाळा उत्तम, पाणी चोवीस तास. महापौर नसल्याची आठवणही कुणाला येत नाही. उलट ईस्ट लॉस एंजलिस पाहा. सव्वा लाखाच्या आसपास वस्ती, जवळजवळ सगळी लॅटिनो. स्वतःचे शहर व्हावे म्हणून लोकांनी पुन्हा पुन्हा प्रयत्न केले. २०१२ मध्ये अर्ज फेटाळला गेला, कारण करातून खर्च भागणार नाही. नगरपालिका नको म्हणायला पैसा लागतो आणि हवी म्हणायलाही लागतो.

खरा प्रश्न सुरू होतो गरीब काउंटीतल्या गरीब वस्तीत.

टेक्सासच्या सरहद्दीवरच्या 'कोलोनिया' आपल्यापैकी काहींनी ऐकल्या असतील. शेतीला निरुपयोगी जमीन बिल्डरांनी तुकडे पाडून शेतमजुरांना हप्त्याने विकली. शेवटचा हप्ता भरेपर्यंत जमीन विकणाऱ्याच्या नावावर. पाण्याची लाइन नाही, ड्रेनेज नाही, पाऊस आला की रस्त्याचा चिखल. शहराच्या हद्दीबाहेर असल्याने शहर हात झटकते आणि टेक्सासमधल्या काउंटीला असल्या प्लॉटिंगवर लगाम घालायचे अधिकार फार तोकडे होते. १९९० मध्ये केंद्राने कायद्यात 'कोलोनिया' या शब्दाची व्याख्या केली आणि चार सरहद्दी राज्यांच्या विकासनिधीतला काही वाटा त्यांच्यासाठी राखायला लावला. पण ती व्याख्या ओळखते पाणी-गटाराच्या अभावावरून, आणि सेन्सस ओळखतो नावावरून व सलग वस्तीवरून. दोन्ही नकाशे एकमेकांवर ठेवले तर जुळत नाहीत. काही मोठ्या कोलोनिया सीडीपी झाल्या, बाकीच्या काउंटीच्या बेरजेत विरून गेल्या.

तिथली माणसे तरी नीट मोजली जातात का? एका प्लॉटवर मागेपुढे तीन घरे, पत्रे पोस्ट बॉक्सवर येणार, दारावर नंबर नाही. अशा ठिकाणी ब्युरोची माणसे प्रत्यक्ष जाऊन पत्ता नोंदवतात आणि फॉर्म ठेवतात. २०२० च्या मार्चमध्ये कोविडमुळे नेमके हेच काम थांबवावे लागले आणि मेमध्ये पुन्हा सुरू झाले. त्याआधी नागरिकत्वाचा प्रश्न फॉर्मवर घालण्याचा प्रयत्न झाला होता. २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो अडवला, पण भीती बसायची ती बसलीच. नंतर ब्युरोने स्वतःच केलेल्या पडताळणीत २०२० च्या गणनेतून हिस्पॅनिक लोकसंख्येचे जवळजवळ ५ टक्के सुटल्याचे दिसले, कृष्णवर्णीयांचे ३.३ टक्के, राखीव प्रदेशांतल्या मूळनिवासींचे साडेपाच टक्क्यांच्या वर. आणि एशियन? २.६ टक्के जादा मोजले गेले. म्हणजे आपण या खोलीतले लोक आहोत त्याहून थोडे अधिकच आहोत!

आता कॅलिफोर्निया. सॅन वाकीन खोऱ्यात तुलारे नावाची काउंटी आहे, संत्री आणि दुधासाठी प्रसिद्ध. १९७१ च्या विकास आराखड्यात या काउंटीने आपल्या पंधरा वस्त्या 'टिकण्याजोग्या नाहीत' अशा ठरवल्या. पाणी आणि गटाराची मोठी कामे तिथे करायची नाहीत, म्हणजे लोक हळूहळू आपणहून निघून जातील, असे त्यात लिहिले होते. लपवून नव्हे, छापील आराखड्यात. आपल्याला गावकूस माहीत आहे, बाहेर कुणी राहायचे हे ठरवणारे. पण बाहेरच्यांनी पाण्यावाचून निघून जावे अशी योजना आखलेली मी पहिल्यांदाच वाचली.

लोक गेले नाहीत. त्या यादीतले टूलव्हिल म्हणजे दोन रस्ते आणि ऐंशीएक घरे. विहिरीच्या पाण्यात नायट्रेट आणि क्रोमियम, म्हणून प्यायला बाटल्या. एक्झेटर शहराची पाइपलाइन मैलभराच्या आत. सन २००० नंतर लागलीच सुरू झालेली मागणी एक्झेटरने २०१९ मध्येही नाकारली. २०२१ मध्ये राज्याने कायदा करून धोक्यातल्या छोट्या योजना शेजारच्या योजनेला जोडायची सक्ती करण्याचे आपले अधिकार वाढवले, आणि २०२२ मध्ये शहर तयार झाले.

यात सेन्ससचा संबंध कुठे, असे तुम्ही म्हणाल. टूलव्हिल २०१० मध्ये सीडीपी झाले. त्याने नळाला पाणी आले नाही. पण राज्याच्या अनुदानासाठी वस्ती गरीब आहे हे सिद्ध करावे लागते: घरटी मध्यम उत्पन्न राज्याच्या ८० टक्क्यांहून कमी. हा आकडा कुठून आणायचा? सीडीपी असेल तर तिच्या ओळीतून. नसेल तर आजूबाजूच्या ब्लॉक ग्रुपमधून, आणि त्यात पन्नास झोपडीवजा घरांबरोबर टेकडीवरचे चार बागायतदारही येतात. सरासरीचा हा जुना विनोद आहे, मध्यमानही त्यातून सुटत नाही. मग वस्तीतल्या लोकांनीच दारोदार फिरून उत्पन्नाची पाहणी करायची आणि सरकारला पटवायची. ओळ असली तरी ती पाच वर्षांच्या नमुना पाहणीची, आणि ऐंशी घरांत नमुना तो केवढा? त्रुटीची मर्यादा कधीकधी आकड्याच्या निम्मी असते. माझ्या प्रयोगशाळेत असा आकडा कुणी आणला तर मी त्याला परत पाठवीन.

आणखी दोन बारकावे, जे फारसे कुणी सांगत नाही. गणनेनंतर दरवर्षी ब्युरो लोकसंख्येचे अंदाज प्रसिद्ध करते, पण काउंटी आणि शहरे-टाउनशिप यांचे. सीडीपींना ते मिळत नाहीत. आणि गणना चुकली असे वाटले तर दुरुस्ती मागायची सोय आहे, पण ती शासकीय घटकालाच. ज्या गावाला शासनच नाही त्याच्या वतीने अर्ज काउंटीने करायचा. तीच काउंटी, जिने १९७१ मध्ये आराखडा लिहिला.

म्हणून काही संशोधकांनी सेन्ससची वाट सोडून दुसरी धरली. २०११ मध्ये कॅलिफोर्नियाने शहरांना व काउंट्यांना अशा वंचित वस्त्या शोधून आराखड्यात दाखवण्याची सक्ती केली. शोधायच्या कशा? पॉलिसीलिंक या संस्थेने जमिनीच्या प्लॉटांचे नकाशे घेतले आणि शहराच्या हद्दीबाहेर जिथे प्लॉट दाटीवाटीने आहेत त्या जागा टिपल्या. २०१३ च्या अहवालात एकट्या सॅन वाकीन खोऱ्यात ५२५ वस्त्या आणि ३ लाख १० हजार माणसे निघाली. नाव विचारले नाही, दाटी मोजली. आपल्या सेन्सस टाउनच्या जवळ जाणारी ही पद्धत मला वैज्ञानिक म्हणून अधिक प्रामाणिक वाटते.

नकाशाची ताकद कोर्टातही दिसली आहे. ओहायोत झेन्सव्हिल शहराच्या बाहेर कोल रन रोडवर बहुतेक कृष्णवर्णीय वस्ती होती. विहिरी जुन्या कोळसा खाणींनी नासलेल्या. लोक ट्रकने पाणी आणत, पावसाचे साठवत, बर्फ वितळवत. आसपासच्या गोऱ्या घरांना नळ होते. सुमारे पन्नास वर्षे असेच चालले. नागरी हक्क आयोगाकडे तक्रार गेल्यावर २००४ मध्ये लाइन आली. खटल्यात घराघराचा नकाशा मांडला गेला: कुठल्या घरात कोण राहते आणि कुठल्या घराला पाण्याचे बिल येते. २००८ मध्ये ज्युरीने जवळजवळ १ कोटी १० लाख डॉलर भरपाई दिली. महाडची आठवण मला त्या दिवशी फार आली.

शहरे हद्दवाढ कशी करतात याकडे पाहा. कोल्हापूरच्या हद्दवाढीला भोवतालच्या गावांनी वर्षानुवर्षे विरोध केला, इथे अनेक गावे 'आम्हाला घ्या' म्हणून दार ठोठावतात. शहर मॉल घेते, नवी कॉलनी घेते, मधली गरीब वस्ती वगळून पुढे जाते. नकाशात भोके दिसतात.

२०३० च्या गणनेआधी या हद्दी पुन्हा आखल्या जातील. आपल्यातले काहीजण काउंटीच्या नियोजन मंडळांवर आहेत, काही जीआयएसचे काम करतात, काही पाण्याच्या इंजिनिअरिंगमध्ये आहेत. तुमच्या काउंटीची सीडीपींची यादी मागवा आणि रविवारी गाडी काढून हायवेच्या पलीकडच्या ट्रेलर पार्कांपर्यंत, शेतमजुरांच्या वस्त्यांपर्यंत जाऊन या. तिथले लोक आपल्या वस्तीला काय म्हणतात ते विचारा आणि ते नाव यादीत आहे का बघा. नसेल तर काउंटीला पत्र लिहा. मी मेरीलँडच्या ईस्टर्न शोरपासून सुरुवात करते आहे, कुणाला बरोबर यायचे असेल तर चहाच्या वेळी भेटा.