गाणं आपलं, मग मालकी कुणाची?

(कोंढा, ता. पवनी, जि. भंडारा येथे महिला मेळाव्यात केलेले भाषण)



रोवण्याच्या बांधीत आपण गातो, भुलाबाईपुढे गातो. आता धुऱ्यावर कुणीही मोबाईल घेऊन येतो, गाणं भरून नेतो आणि यूट्यूबवर टाकतो. खाली नाव त्याचं. गाणारी मात्र नुसती ‘महिला मंडळ’!

कायद्याने ध्वनिमुद्रणाची मालकी ते करवून घेणाऱ्याची असते. म्हणूनच गाणं कोण भरतं, हा सत्तेचा प्रश्न आहे. पण गाणारीलाही हक्क आहेत. तिच्या संमतीवाचून मुद्रण करता येत नाही. २०१२ च्या दुरुस्तीने तिला स्वतःच्या नावाचा आणि व्यापारी वापर झाल्यास रॉयल्टीचा हक्क दिला आहे.

पुण्याच्या हेमा राईरकर आणि गी पॉइत्वाँ यांनी कार्यकर्त्यांसह जात्यावरच्या एक लाखाहून जास्त ओव्या गोळा केल्या. प्रत्येक ओवीसोबत गाणारीचं नाव आणि गाव टिपलं. २०१७ पासून ‘पारी’ने त्या लोकांसमोर आणल्या. नाव लिहायला पैसा लागत नाही, आदर लागतो.

अमेरिकेत १९७३ साली काही स्त्रियांनी ऑलिव्हिया रेकॉर्ड्स ही स्वतःची कंपनी काढली. गाणाऱ्या बाया, मुद्रणाची यंत्रं हाताळणाऱ्या बाया, गावोगाव तबकड्या विकणाऱ्याही बाया. निर्णय सगळ्या मिळून घेत. १९७५ च्या ‘द चेंजर अँड द चेंज्ड’च्या लाखो प्रती खपल्या. पुढे मात्र गाण्याचा धंदा मागे पडला आणि ती स्त्रियांसाठी सहली काढणारी कंपनी झाली. तेव्हा ध्येय हवं, तसा हिशेबही हवा.

आपल्या बचतगटाला हिशेब नवा नाही. मग गाण्यांचं काम आपणच का करू नये? नियम चार ठेवू. गाणारीची संमती आधी, तीही लेखी. लिहिता येत नसेल तर वाचून दाखवून. नाव आणि गाव प्रत्येक गाण्याखाली. मूळ प्रत गटाकडे. खर्च वजा जाता उरेल त्याची वाटणी आधी ठरवलेली, आणि वही दर बैठकीत वाचलेली.

घरात काय गावं, किती मोठ्यानं गावं, हे आजवर दुसऱ्यांनी ठरवलं. बाहेरही तेच ठरवणार असतील, तर आवाज मोकळा झाला असं कसं म्हणावं? पुढच्या बैठकीत प्रत्येकीने आपल्या एका गाण्याचं नाव आणि ते कुणाकडून शिकलो, एवढं सांगावं. आपल्या वहीचं पहिलं पान तेच असेल.