आधी नोंद, मग दृश्य



मी सॉफ्टवेअर इंजिनिअर. माहितीपटांसाठी जुनं चित्रीकरण शोधणाऱ्यांना मदत करतो. ‘यूट्यूबवर आहे की, घ्या उतरवून,’ असं अनेकांना वाटतं. पण तिथे टाकणारा मालक असतोच असं नाही. आपल्याकडे चित्रपटाचा कॉपीराइट प्रदर्शनानंतर ६० वर्षं टिकतो. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात प्रत मिळाली, तरी हक्क बहुधा निर्मात्याकडेच असतात. म्हणून दोन प्रश्न विचारावे लागतात: प्रत कुठे आहे? हक्क कोणाचे आहेत?

त्याआधीचा प्रश्न नोंदीचा. संगणक शब्द शोधतो. नोंदीत ‘मुंबई, गर्दी’ एवढंच असेल, तर त्या गर्दीतला मोर्चा, मोहल्ला, माणसं कोणालाच सापडत नाहीत.

आपला पहिला बोलपट ‘आलम आरा’ १९३१चा. हे संग्रहालय सुरू झालं १९६४ला. आज त्या चित्रपटाची एकही प्रत उपलब्ध नाही.

तुमच्या घरी लग्नांच्या, सभा-मुशायऱ्यांच्या व्हिडिओ कॅसेट असतील. फीत खराब होतेच. त्या डिजिटल करून घ्या. सोबत तारीख, गाव, माणसांची नावं लिहा. चेहरे ओळखणारी दादी, नानी आज आहे, तोवर तिला शेजारी बसवून विचारा.