छायालेखक पांडुरंग नाईक आणि आपण



ज्या कोल्हापूरने कॅमेऱ्याचा स्तंभ उभारला, त्या शहरात छायालेखकांच्या संमेलनाचे अध्यक्षपद मिळावे, याचा मला मनापासून आनंद आहे. त्या स्तंभामागची कथा आपल्याला ठाऊक आहे. आनंदराव आणि बाबूराव पेंटर नाटकांचे पडदे रंगवत. त्यांनी इथेच स्वतः कॅमेरा घडवायला घेतला. 1916 मध्ये आनंदराव गेले, पण बाबूरावांनी काम सोडले नाही. 1920 मध्ये त्यांचा ‘सैरंध्री’ पडद्यावर आला.

त्या काळची फिल्म लाल रंगाला आंधळी होती. लाल शालू पडद्यावर काळा ठिक्कर दिसे. हँडल हाताने फिरवायचे. हात जरा मंदावला की पडद्यावरची माणसे पळत सुटत. समोरच्या रंगांपैकी कोणता किती करडा उतरेल, हे शॉट घेण्याआधी डोळ्यांनी हेरावे लागे. आपल्या गावात हे काम पडदे रंगवणाऱ्यांच्या हाती आले, हे मी आपले भाग्य समजतो.

आज मात्र मला पांडुरंग नाईकांबद्दल बोलायचे आहे. 1936 मध्ये मास्टर विनायक, बाबूराव पेंढारकर आणि नाईक या तिघांनी कोल्हापुरात ‘हंस पिक्चर्स’ काढली. नट, दिग्दर्शक यांच्या बरोबरीने छायालेखक कंपनीचा भागीदार! आजही ही गोष्ट दुर्मीळच आहे. त्याच वर्षी आला वि. स. खांडेकरांच्या कथेवरचा ‘छाया’, आणि दोनच वर्षांनी आचार्य अत्रे यांचा ‘ब्रह्मचारी’. एक शोककथा, दुसरा खळाळून हसवणारा. दोन्हींचे छायालेखन नाईकांचे.

आपण धंद्यातली माणसे आहोत, तेव्हा यातली मेख आपल्याला कळते. शोककथेत चेहऱ्याची एक बाजू अंधारात सोडली तरी चालते, किंबहुना तिथेच दृश्य पकड घेते. विनोदात तसे करून भागत नाही. नट कधी वळेल, कुठे अडखळेल, दुसरा कधी भुवई उंचावेल, हे सगळे एकाच वेळी दिसायला हवे. म्हणून प्रकाश मोकळा ठेवावा लागतो आणि तरीही तो सपाट होऊ द्यायचा नसतो. माझ्या मते विनोदाचे लायटिंग जास्त कठीण, आणि त्याला शाबासकी सगळ्यांत कमी मिळते. ‘ब्रह्मचारी’ म्हटले की नायिका मीनाक्षी शिरोडकर आठवतात, अत्रे आठवतात, विनायक आठवतात. नाईक कितीजणांना आठवतात?

हाच प्रश्न टीव्ही मालिकांच्या छायालेखकांबाबत मला रोज छळतो. सकाळी लग्नघर, दुपारी दवाखाना, रात्री शेतातला पाठलाग. आधीच चित्रित करून ठेवलेल्या एपिसोडची बँक संपत आलेली, जनरेटरचा भाडेकरार डोक्यावर, आणि दोन कॅमेरे एकदम सुरू असल्याने लाइट लपवायला जागा नाही. प्रकाश परतवणारे थर्माकोल आणि तो अडवणारा एखादा कटर यांच्या जोरावर आपली मुले चेहऱ्यात जीव आणतात. चित्रपटातला मनुष्य मालिकेत गेला की त्याचा दर्जा खाली आला, असे मानणारे अजूनही आहेत. मला ते पटत नाही. दोन्हीकडे पाय रोवून उभा राहणारा छायालेखक जास्त तयार असतो.

बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीचे बहुतेक मूकपट आज उरलेले नाहीत. कोणत्या दृश्याला प्रकाश कसा दिला, याच्या नोंदी तर त्याहून कमी. म्हणून माझी विनंती आहे. तुमच्या वह्या, लाइटिंगचे आराखडे, सेटवरची छायाचित्रे रद्दीत घालू नका. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाकडे विचारणा करा. आणि निर्मात्यांनो, मालिकेच्या श्रेयनामावलीत छायालेखकाचे नाव वाचता येईल इतका वेळ पडद्यावर ठेवा.