अनुकंपा आणि वतन

रायपूर शहराच्या उत्तरेस, बिलासपूरकडे जाणाऱ्या रस्त्यावर भनपुरी ही औद्योगिक वस्ती आहे. येथे खाजगी मालकीचे लोखंडाचे कारखाने आहेत, आणि जवळच रेल्वेचे मालडबे दुरुस्त करण्याचा सरकारी कारखानाही आहे. अशा परिसरातील दोन शेजारी घरे डोळ्यांसमोर आणावीत. एका घरचा कर्ता पुरुष रेल्वेत, दुसऱ्याचा खाजगी कारखान्यात कंत्राटी मजूर. दोघेही एकाच वर्षी आजाराने वारले. पहिल्याच्या मुलाला नोकरीसाठी अर्ज करता येतो. दुसऱ्याच्या मुलाला तशी वाट नाही. १९२३ च्या कायद्याने मिळू लागलेली नुकसानभरपाई कामावरील अपघाताची. आजाराने आलेल्या मृत्यूला ती सहसा लागू पडत नाही. भविष्यनिर्वाह निधी कापला जात असेल, तर त्याचे पैसे आणि त्याला जोडलेले विमा व कुटुंब निवृत्तिवेतन यांचे माफक लाभ मिळावयाचे. मरण दोन्ही घरी सारखेच; सरकारची अनुकंपा मात्र एकाच दारी येते.

मग ही अनुकंपा न्याय्य कशी ठरते? बापाची खुर्ची मुलाला हे तत्त्व मराठी मुलखाला नवे नाही. पाटीलकी, कुलकर्णीपण, देशमुखी ही सारी पिढीजात वतनेच होती. स्वातंत्र्यानंतर ती कायद्याने रद्द झाली, आणि राज्यघटनेच्या सोळाव्या अनुच्छेदाने सरकारी नोकरीचे दार सर्वांना सारखे उघडे केले. अनुकंपा नियुक्ती हा त्या नियमाला केलेला अपवाद होय. अपवादाला कारण भक्कम असावे लागते. १९९४ साली हरियाणातील एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ते कारण स्पष्ट केले. कर्ता माणूस अचानक गेल्याने कोसळणाऱ्या कुटुंबाला त्या संकटातून तारून नेणे, एवढाच या नियुक्तीचा हेतू आहे. म्हणून ती तिसऱ्या व चौथ्या वर्गाच्या पदांपुरतीच द्यावी. मृताच्या हुद्द्याचा वारसा म्हणून ती मागता येत नाही, आणि संकट ओसरल्यावर अनेक वर्षांनीही मागता येत नाही.

याचा अर्थ असा की, अनुकंपेचा सारा प्राण तिच्या तत्परतेत आहे. १९८९ साली याच न्यायालयापुढे सीमावर्ती रस्त्यांच्या खात्यातील एका भांडारपालाच्या विधवेची कैफियत आली होती. पती १९८२ साली वारला. तिने महिन्याभरात अर्ज केला, पुढे परीक्षाही दिली आणि ती उत्तीर्ण झाली. तरी सात वर्षे तिला नोकरी मिळाली नाही. मध्यंतरी त्या खात्याने स्त्रियांच्या भरतीवरच बंदी घातली होती. अशा अर्जात विलंब होता कामा नये, आणि जागा रिकामी नसेल तर अधिसंख्य पद निर्माण करावे, असे न्यायालयाने बजावले.

परंतु कचेरीची चाल निराळी असते. महाराष्ट्रात अनुकंपेची प्रतीक्षासूची आहे, आणि तीत वर्षानुवर्षे नावे पडून राहिली. सूचीतील वारसाऐवजी घरातील दुसऱ्याचे नाव घालता येईल काय, हा प्रश्न मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठापर्यंत जाऊन २०२४ साली त्याचा निकाल लागला. हा प्रश्न उद्भवावा, यातच विलंबाची साक्ष आहे. येथे एक क्रूर तर्क जन्माला येतो. अर्ज दहा वर्षे पडून राहतो. मग सांगण्यात येते की, इतकी वर्षे तुमचे कुटुंब तगले, अर्थात तुमचे संकट संपले! विलंब कचेरीचा, आणि त्याचा दंड भरावयाचा विधवेने.

रायपूरने याचे विदारक रूप पाहिले. छत्तीसगडमध्ये पंचायतींनी नेमलेले शिक्षाकर्मी २०१८ साली शिक्षण खात्यात सामावले गेले. त्यापूर्वीच वारलेल्या शिक्षकांच्या घरी मात्र प्रशिक्षणाची पदविका आणि पात्रता परीक्षा या अटी आडव्या आल्या. त्यांच्या विधवा २०२२ साली शहरातील बूढा तालाबाजवळ धरणे धरून बसल्या. २०२३ सालीही ते महिनोन्महिने चालले, आणि काहींनी निषेध म्हणून मुंडन करविले. विधवेचे केशवपन थांबावे म्हणून महाराष्ट्रातील सुधारक एकोणिसाव्या शतकात झटले. त्याच केशवपनाचा उपयोग एका विधवेला आपले गाऱ्हाणे ऐकविण्यासाठी करावा लागावा, यापरते दुर्दैव कोणते?

अनुकंपेचा अपवाद राहावा. पण तो अपवादासारखा, म्हणजे त्वरेने, चालावा. वेळेवर मिळालेली नोकरी हा आधार असतो. बारा वर्षांनी मिळालेली नोकरी हे जवळजवळ वतनच, कारण तोवर मूळची गरज मागे पडून केवळ नाते उरलेले असते. आणि शेजारच्या घरातील त्या मजुराच्या मुलाचे काय? त्याला सरकारी खुर्ची देता येणार नाही. परंतु विमा, कुटुंब निवृत्तिवेतन आणि मुलांचे शिक्षण यांची हमी देता येईल. ज्या दिवशी ती प्रत्येक घराला मिळेल, त्या दिवशी अनुकंपेसाठी अर्ज करण्याची पाळी फार थोड्यांवर येईल.